आवाज माझ्याच नावावर

मी, हिल्डा मॉड ब्रॉकल्स्बी, वय सदुसष्ट, धंदा नटीचा, राहणार क्लीथॉर्प्स, समुद्राकाठच्या रांगेतले शेवटचे घर, हे मृत्युपत्र स्वखुशीने, कुणाच्या दडपणाखाली न येता, चष्मा लावून लिहीत आहे. माझे हृदय अधू आहे, डोके नाही. डॉक्टर सदरलंड यांनी दोन्ही तपासली असून त्यांचा दाखला सोबत जोडला आहे. याआधीची माझी सर्व मृत्युपत्रे रद्द समजावीत. सिल्व्हिया मार्श हे नाव मला चित्रपट कंपनीने दिले होते. ते मी कंपनीला परत करते. थडग्यावर बापाने ठेवलेलेच नाव घालावे.

कलम १. वर लिहिलेले घर माझ्या स्वकष्टाचे आहे. माझ्या पश्चात ते, आतील सामानासह, ऑल्वेन प्रॉसर हिच्या पूर्ण मालकीचे होईल. ऑल्वेन माझी बहीण नव्हे, नात्यातली नव्हे, मोलकरीण तर नव्हेच. माझा भाचा क्लिफर्ड हा प्रश्न कोर्टात काढणार, म्हणून ती माझी कोण हे इथेच लिहून ठेवते.

माझा बाप ग्रिम्सबीच्या धक्क्यावर मासळी उतरवायचा आणि आई ती साफ करायची. मी सतराव्या वर्षी नाटकात शिरले. १९५३ साली रॉडरिक वेनहॅम या दिग्दर्शकाने मला राणीच्या भूमिकेसाठी उचलले. चित्रपट लागला तेव्हा आईला उसनी टोपी घालून लंडनला नेले. पडद्यावर मी तोंड उघडले आणि भलताच गोड, उंची आवाज बाहेर पडला. आई भर थिएटरात ओरडली, "आगं हिल्डे, तुझ्या तोंडातून हे कोण बोलतंय?" मला तरी कुठे ठाऊक होते? मला कुणी सांगितलेच नव्हते.

दुसऱ्या दिवशी वेनहॅमला गाठले. तो म्हणाला, "बाई गं, चेहरा राणीचा आहे तुझा, पण आवाज मासळीबाजारातला."

मी म्हटले, "मासळीबाजारानंच वाढवलंय मला. आता माझ्या तोंडात दुसरीची जीभ घालणार असाल, तर दुसरा चेहराही शोधा."

कंपनीशी करार सात वर्षांचा होता. मी काम नाकारले, त्यांनी मला दुसरीकडे पडद्यावर येऊ दिले नाही. सात वर्षे मी उत्तरेकडच्या नाटकमंडळ्यांत काढली. दर आठवड्याला नवे नाटक, भाड्याच्या थंडगार खोल्या, न्याहारीला खारवलेला मासा. पण शेवटच्या रांगेपर्यंत जो आवाज जायचा, तो माझा होता.

त्यातल्या दुसऱ्या हिवाळ्यात, हल शहरातल्या थिएटरच्या मागच्या दाराशी हिरवा कोट घातलेली एक वेल्श मुलगी उभी होती. म्हणाली, "तुमच्या घशाला आता आराम आहे ना?"

"माझ्या घशाला काय धाड भरलीय?"

ती पांढरीफटक पडली. वेनहॅमने तिला सांगितले होते की हिल्डाचा घसा कायमचा गेला आहे, तिनेच तुझ्याकडे मदत मागितली आहे. बिचारीने परोपकार समजून माझी राणी बोलून दिली होती. नाव पडद्यावर नाही, आभार नाहीत. आम्ही दोघी तिथेच पायरीवर बसलो आणि त्याला इतक्या शिव्या घातल्या की दरवान चहा घेऊन आला. त्या आठवड्यात आमची एक नटी पळून गेली होती. तिच्या जागी ही मुलगी, म्हणजे ऑल्वेन, उभी राहिली आणि मग माझ्या आयुष्यातून हललीच नाही. पंचवीस वर्षे आम्ही एका रंगमंचावर उभ्या राहिलो, एका चुलीवर जेवलो. पुढे दूरचित्रवाणीवर मी अकरा वर्षे तळलेली मासळी नि चिप्स विकणाऱ्या दुकानाची मालकीण रंगवली, माझ्याच आवाजात. खाटकाकडे मी पाठमोरी असले तरी बायका म्हणत, "हिल्डाच ना गं तू?" संवाद माझ्याकडून घोटून घेई ती ऑल्वेन.

दोन वर्षांपूर्वी तिला पक्षाघात झाला. समजते सगळे, शब्द फुटत नाहीत. गेल्या नाताळात, माझ्याच टेबलावर, तिच्यासमोर क्लिफर्ड म्हणाला, "मावशी, तिला आता काय कळतंय? कुठल्यातरी आश्रमात ठेव नि घर काढून टाक." ऑल्वेनच्या हातातले गरम कस्टर्डचे भांडे त्याच्या मांडीवर उलटले. हात थरथरला, असे त्याला वाटते. मला तसे वाटत नाही.

कलम २. क्लिफर्डला कंपनीने चित्रकाराकडून काढवून घेतलेले माझे मोठे तैलचित्र द्यावे. त्यात मी तोंड मिटून बसले आहे. त्याला मी तशीच आवडते.

कलम ३. बँकेतील रक्कम ऑल्वेनच्या शुश्रूषेसाठी, घरी येणाऱ्या नर्ससह. उरली तर तिच्या मर्जीने. तिची मर्जी तिला विचारावी आणि उत्तर येईपर्यंत थांबावे. घाई असणाऱ्याने विचारायलाच येऊ नये.

कलम ४. वेनहॅम पुढे सर झाले आणि वारले. त्यांच्या स्मरणार्थ राणीचा तो चित्रपट पुन्हा दाखवतील, तेव्हा माझे वकील श्री. टॅलबॉट यांनी, या मृत्युपत्राचे व्यवस्थापक म्हणून, एकच मागणी लावून धरावी: नामावलीत लिहा, 'आवाज: ऑल्वेन प्रॉसर'. नाही म्हणाले तर वर्तमानपत्रांत वरची सारी हकिकत छापून आणावी.

टॅलबॉट म्हणाले, घर देण्यासाठी तिची संमती कायद्याला लागत नाही. मी म्हटले, मला लागते. म्हणून आज सर्वांसमक्ष तिला विचारले, "ऑल्वेन, मी गेल्यावर राहशील का गं इथं, एकटी?"

तिचा जबडा हलू लागला. टॅलबॉट खाकरले, मी त्यांच्याकडे असे पाहिले की त्यांनी पुन्हा कागदांत डोके घातले. बऱ्याच वेळाने शब्द आला. "राहीन." मग तिने बोट टॅलबॉटांकडे केले, तिथून उघड्या खिडकीकडे नेले. "खिडकी. लाव."

ते उठले आणि त्यांनी मुकाट्याने खिडकी लावली.

येणेप्रमाणे लिहून, वाचून आणि मोठ्याने ऐकवून सही केली.

हिल्डा मॉड ब्रॉकल्स्बी

आमच्यासमक्ष सही झाली. आम्हा दोघांना यातून काहीही मिळायचे नाही.
साक्षीदार: डॉ. एलस्पेथ सदरलंड
साक्षीदार: लेनर्ड ग्रंडी, शेजारी, निवृत्त रंगमंच-सुतार

क्लीथॉर्प्स, ९ मार्च १९९४