बारा मोजेपर्यंत

प्रिय दादा,

मागच्या पत्रात मी तुला एक गोष्ट चुकीची कळवली. आधी ती दुरुस्त करते, खुशाली मग. मी लिहिलं होतं की कारखान्यात चव दाखवायच्या दिवशी आई मलईलिंबू गाळायला विसरली, म्हणून ते कडू झालं, आणि हल्ली तिच्या लक्षात राहत नाही. आई गाळायला विसरली नव्हती. मी तेव्हा तिथे नव्हते, माझ्या प्रयोगशाळेत बाटल्यांवर चिठ्ठ्या लावत होते. कडू झालं एवढंच मला कळलं होतं, बाकीचं मी मनानेच जुळवलं आणि डोळ्यांनी पाहिल्यासारखं लिहिलं. बाटलीवरची चिठ्ठी दोनदा वाचल्याशिवाय मी ती पुढे सरकवत नाही, आणि आईबद्दलचं वाक्य मात्र एकदाही न तपासता पाकिटात घातलं. त्या वाक्यावरून तू ठरवलंस की आता तिने काम सोडावं आणि तुझ्याकडे येऊन राहावं. तू महिनाअखेरीस तिला न्यायला येणार आहेस म्हणून हे सगळं नीट आणि क्रमाने लिहिते. अक्षर मुद्दाम मोठं काढलंय. तू अजूनही जोडाक्षरापाशी थांबतोस हे मला माहीत आहे, तेव्हा सावकाश वाच.

आईचा उजवा खांदा आता कारखान्यातल्या इस्त्रीला साथ देत नाही. दुपारपर्यंत चाळीस सदरे झाले की ती डाव्या हाताने उजवा हात उचलून टेबलावर ठेवते. कुणी पाहिलं तर कापड सारखं करतेय असं दाखवते. म्हणून कारखान्याच्या उपाहारगृहातली जागा तिला मिळावी असं मला इतकं वाटत होतं. तिथली जुनी बाई लेकीकडे राहायला गेली आणि देखरेख करणाऱ्या चष्मेवाल्या बाईंनी स्वतःहून आईला विचारलं. उन्हाळ्यात इस्त्रीच्या बायकांसाठी आई घरून मोठ्या बाटलीत हे मलईलिंबाचं पेय न्यायची, त्याची ख्याती शिलाईच्या खोलीपर्यंत गेली होती. बाई म्हणाल्या, तेच एकदा इथे करून दाखवा, मालकांनाही चाखू दे. पंखा असलेली खोली, बसायला स्टूल आणि हातात इस्त्रीऐवजी पळी. त्या दिवशी बाईंनी एक घोट घेतला, पेला हळूच खाली ठेवला आणि म्हणाल्या, "असू दे, एखाद्या दिवशी होतं असं." आईने मात्र असू दिलं नाही. हात गेला माझा, असं म्हणून तिनेच जागा नाकारली आणि पुन्हा इस्त्रीला उभी राहिली.

तुला आठवतं ना, ती कसं करायची? ज्या घरी ती भांडी घासायची तिथे स्वयंपाकघराच्या दारातून तिने ते एकदाच पाहिलं होतं. लिंबं साल चोळून चोळून धुवायची, दोन्ही टोकं उडवायची, चार फोडी करून मधला पांढरा दांडा आणि बिया काढायच्या. एक संत्रं सोलून त्यात घालायचं, ही तिची स्वतःची भर. मग सालीसकट फोडी, थंड पाणी आणि बर्फ, आणि तू गॅरेजातल्या मित्राकडून आणलेला तो जुना मिक्सर, ज्याचं झाकण धरून ठेवायला तुला बोलवावं लागायचं. आधी बर्फ खडखडायचा, मग आवाज घोगरा व्हायचा, आणि तो जरा जाड झाला की आईचा हात बटणावरून उठलेलाच असायचा. लगेच गाळणी, मग त्या रसात कंडेन्स्ड मिल्क आणि पुन्हा एक गिरकी, फेस वर येईपर्यंत. तू पेला उलटा करून तळाचा फेस बोटाने काढायचास आणि आई म्हणायची, "पेला पण खा, म्हणजे घासायला नको."

तीन वर्षांपूर्वी मला वाटलं की हे कुठेतरी लिहून ठेवायला हवं. तुला माहीत आहे, मला न लिहिलेल्या गोष्टींची भीती वाटते. मी आईच्या शेजारी घड्याळ घेऊन उभी राहिले. ती सारखी विचारत होती, मी काय शर्यतीत पळतेय का? तिचा हात उठला तेव्हा बारा सेकंद झाले होते. दुसऱ्या दिवशी पाहिलं, पुन्हा बारा. मी जाड कागदावर ठळक लिहिलं, "बारा मोजेपर्यंत फिरवणे", आणि तो कागद भिंतीला चिकटवला. आईला वाचता येत नाही, पण आकडे येतात. आल्यागेल्याला ती तो कागद दाखवायची आणि म्हणायची, आमच्या घरातलं आता सगळं लिहिलेलं आहे.

मग या वर्षी मी पहिल्या पगारातून नवीन मिक्सर आणला. त्याचं तोंड घट्ट बंद होतं, आवाज निम्मा, आणि पातं असं की बर्फाचं बघता बघता पीठ. आई आवाजाची वाट बघायची आणि तो तिच्या ओळखीचा येईचना. कसं कळणार म्हणाली, तेव्हा मी कागदावर बोट ठेवून सांगितलं, "बारा मोज, त्यात काय?" कागद जुन्या मिक्सरचा होता. माझ्या डोक्यात आलंसुद्धा नाही. आणि त्यानंतर चारच दिवसांनी ती तो मिक्सर आणि तो कागद दोन्ही पिशवीत घालून कारखान्यात घेऊन गेली.

हे मला तीन तारखेला, रविवारी कळलं. आई माझ्या कामावर जायच्या कुर्त्याला इस्त्री करत होती (नको म्हटलं तरी करते), आणि सहज बोलून गेली, "चार मोजले तेव्हाच हात उठायला लागला होता गं. पण तू बारा लिहिलेलं, म्हणून दाबून धरला." मी विचारलं, मग चाखून नाही पाहिलंस? म्हणाली, पाहिलं की. कडू लागलं. पण बारा मोजले होते म्हणजे ते बरोबरच असणार, माझीच जीभ बिघडली असेल असं वाटलं, म्हणून तसंच पुढे ठेवलं.

दादा, हे वाक्य दोनदा वाच. त्या दिवसापासून ती वरणात मीठ घालून मला हाक मारते. भात शिजला का, तेही मला विचारते. मला, जिला तू सतरा वर्षांची होईपर्यंत कच्चा भात खाऊ घालणारी म्हणून चिडवायचास. मी सांगते, छान झालंय, आणि ती माझ्या तोंडाकडे बघत राहते, खरं बोलतेय का ते शोधत.

त्या आठवड्यात मी काय केलं ते ऐक आणि हसू नकोस. तीन डझन लिंबं आणली. रोज कामावरून आल्यावर, आई घरी पोचण्याआधी, नवीन मिक्सरमध्ये तीन सेकंद, चार सेकंद, सहा, आठ, बारा असे पेले केले आणि प्रत्येकाला चिठ्ठी लावली. मला एकटीला खात्री वाटेना, म्हणून खालच्या मजल्यावरच्या घड्याळवाल्या काकांना चाखायला बसवलं. चिठ्ठ्या मी पेल्याच्या बुडाला लावल्या होत्या, त्यांना दिसू नयेत म्हणून. ते डोळे मिटून एकेक घोट घेत होते. बाराच्या पेल्यापाशी त्यांनी डोळे उघडले आणि विचारलं, "पोरी, माझ्या हातून काही चुकलंय का?" चारचा पेला मात्र रिकामा करून पुढे केला. सलग चार दिवस हेच झालं. सहाला कडवटपणा जिभेच्या मागे उभा राहतो, आठला तो घशात उतरतो, आणि बाराला सालीतलं सगळं कडू बाहेर पडलेलं असतं. ते गाळून निघत नाही आणि दुधाने झाकतही नाही. आता मला शंका नाही. माझ्या बाबतीत हे वाक्य किती विरळ आहे ते तुला माहीत आहे. आईचा हात चारला उठत होता. तिचा हात बरोबर होता, जीभ बरोबर होती. कागद चुकला होता.

परवा, रविवारी, मी हे तिला सांगितलं. तोंडाने, तिचा हात हातात घेऊन. तिने ऐकून घेतलं आणि माझ्या डोक्यावर टपली मारली. म्हणाली, "मला बरं वाटावं म्हणून स्वतःवर घेतेस होय? तू लिहिलेलं चुकेल कसं?" मी पेले दाखवते म्हटलं तर म्हणाली, नको, लिंबं वाया जातात. मग माझं काही चालेना. मला शाळेत पाठवताना तिने सगळ्यांना सांगितलं होतं की ही शिकली की आपल्या घरात एक तरी गोष्ट पक्की असेल. ती गोष्ट मी नाही, माझं अक्षर आहे. दवाखान्याचे कागद, भाडेकरार, तुला जाणारी पत्रं, सगळं ती माझ्या अक्षरावर सोडते. खरं सांगायचं तर त्या टपलीने मला क्षणभर बरंही वाटलं. न चुकणारी म्हणवून घ्यायला कुणाला आवडत नाही? तेही तुला कळलेलं असू दे.

काल मी कारखान्याच्या फाटकापाशी जाऊन चष्मेवाल्या बाईंना भेटले. सगळं सांगितलं. जागा अजून भरलेली नाही. त्या म्हणाल्या, "गुरुवारी साडेदहाच्या सुट्टीत आणा आईला. पण तो कागद घरी ठेवा." मी आयुष्यातली पहिली अर्ध्या दिवसाची रजा टाकली आहे. साहेबांनी कारण विचारलं तेव्हा मी लिंबू म्हणाले आणि त्यांनी पुढे काही विचारलं नाही. तू आईला न्यायला येणार असशील तर ये, पण पाहुणा म्हणून ये आणि रिकाम्या पिशवीने परत जायची तयारी ठेव. तिला जायचं असेल तर ती जाईल, पण हात गेला म्हणून नाही.

आता हे पत्र का, ते. हे सगळं मी तुला फोनवर दोन मिनिटांत सांगितलं असतं. पण माझ्या तोंडी बोलण्यावर आईचा विश्वास नाही, माझ्या लिहिलेल्यावर आहे. म्हणून लिहून काढलं, तुझ्या नावाने, कारण तुला मी कधी खोटं लिहीत नाही हे ती जाणते, आणि ज्या एका वेळी लिहिलं ते वर पहिल्याच ओळीत दुरुस्त केलं आहे. हे पाकिटात घालण्याआधी मी तिला पहिल्या शब्दापासून वाचून दाखवणार आहे, चारच्या पेल्यापासून त्या टपलीपर्यंत, काहीही न गाळता. मग भिंतीवरच्या कागदावरचा बाराचा आकडा तिच्या हाताने खोडून घेणार, आणि त्याच्या जागी काहीच लिहिणार नाही. हे सगळं गुरुवारी, चौदा तारखेला, सकाळी सात वाजता, ती कामावर जायला पिशवी भरायला घेईल तेव्हा.

तुझीच,
मास्तरीण