मधूनं घातलेली शपथ

१२ जाने., सोमवार
दुकानात एक मुलगी आली. अनघा, पुण्याची. आणीबाणीत आमच्यासारख्या, पुरुषांवर जीव लावणाऱ्या पुरुषांचं पोलिसांनी काय केलं, ते रेकॉर्ड करतेय. नाव बदलीन म्हणाली. मी शिलाई मशीन चालूच ठेवलं. शेवटी म्हटलं, रविवारी ये. का म्हटलं, कोण जाणे.

१४ जाने.
सांगायचं तर मधूचं सांगावं लागणार. मी बाविसाचा, तो तेविसाचा. गोदेकाठी बागेत बसलो होतो, हातात हात. तिथनंच उचललं. तीन दिवस चौकीत. पट्टा, शिव्या. चौथ्या दिवशी गाडीत घालून नसबंदीच्या शिबिरात. त्यांना आकडा भरायचा होता. साहेब, आमची लग्नं नाही झाली अजून, म्हटलं. हवालदार म्हणाला, "तुमच्यासारख्यांना पोरं कशाला?"
येताना मधू एसटीत उभाच राहिला, बसवेना त्याला. कुणाला सांगायचं नाही, अशी शपथ घातली मला.

१५ जाने.
काल लिहिल्यापासून काम सुचत नाही. एका युनिफॉर्मची कॉलर दोनदा उसवली.
दोन वर्षांनी घरच्यांनी चांदवडला मधूचं लग्न लावलं. मूल होणार कुठनं? बोल सगळा त्याच्या बायकोला, रत्नावहिनींना. नवस, उपास, डॉक्टर. गावात कुणी ओटी भरायलासुद्धा बोलवत नसे. मधू गप्प. आणि मीही, पन्नास वर्षं.
तो जाऊन तीन वर्षं झाली. दहाव्याला मी 'नाशिकचे मित्र' म्हणून मागे उभा.
वहिनींच्या आधी परक्या मुलीला कसं सांगू?

१७ जाने.
चांदवडला जाऊन आलो. वहिनी ओट्यावर लसूण सोलत होत्या. ऑपरेशनचं सांगितलं, रविवारी एक मुलगी ते रेकॉर्ड करायला येणार आहे तेही. बाकीचं नाही.
म्हंजे लग्नाच्या आधीच? विचारलं त्यांनी. हो म्हणालो. पुढचे दोन गड्डे सोलून झाले, मग म्हणाल्या, "लोक मला लय बोलले, भाऊ. हे शेजारीच बसेल राहायचे."
रडल्या नाहीत. मीच रडलो. चहा केला त्यांनी.
निघताना विचारलं, तुम्हा दोघांनाच का धरलं होतं? बस चुकेल म्हणालो आणि उठलो.

१८ जाने., रविवार
सकाळी वहिनींचा फोन. "मी काय भोगलं, ते मला पण सांगायचंय त्या पोरीला. अन् तुमचं पण सगळं ऐकायचंय."
नको म्हणता आलं नाही. पहिल्या बसने निघाल्यात.
अनघा येऊन बसलीय. वहिनी येताहेत म्हटल्यावर तिला काळजी वाटली. त्या यायच्या आत तुमचं उरकून घेऊ का काका, मोकळं बोलता येईल, म्हणाली.
म्हटलं, नको. थांबू त्यांच्यासाठी.