मागून वाचलेली पंगत

आर्वी, रविवार

तीर्थस्वरूप बाई,

तुह्या धाकट्या भावाचा वाकून नमस्कार. (वाकणं कागदावरच, कंबर परवानगी देत नाई.) गुडघे काय म्हणतात? भाऊजींनी पथ्य सोडलं, की पथ्यानंच त्यांना सोडलं? आमच्याकडे सगळं बरं आहे, अन् हे लई दिवसांनी खरं लिहून राह्यलो.

आचल पुण्याची नोकरी सोडून आली हे तुले माहीतच आहे. आली तशी पोरगी गप्प. ताट घेऊन खोलीत जाये अन् अर्धं तसंच परत आणे. दिवसभर त्या जपानी चित्रकथा वाचत बसे. ज्योत्स्ना माय असून म्हणे, वाचू द्या तिले. पण बापाचा जीव, बाई. दुकानात बसल्या बसल्या मले रडू ये. (गिऱ्हाइकाले सांगितलं, मिरचीची पोती आहेत.) शेवटी ती आंघोळीले गेली तेव्हा एक पुस्तक उचललंच. अक्षरं इंग्रजी अन् मुंगीएवढी, म्हणून नुसती चित्रं पाह्यली. मारामारी नाई, भूत नाई. पहिल्याच पानावर चार जण पोटभर जेवून हसून राह्यले. पुढं ताटं भरलेली, तरी कोणी हात लावेना. मग भाताचे गोळे पुन्हा पातेल्यात गेले, मग तांदूळ कच्चे झाले, मग एकेक जण उठून गेला, अन् शेवटच्या पानावर एक पोरगी बॅग घेऊन एकटीच दारात उभी. रोज असलं वाचून कोणाच्या घशाखाली घास उतरंल?

ज्योत्स्ना बाजारात गेलती. म्हटलं, आज पोरीले गोळाभात मीच करून घालतो. (आजवर फक्त चहा केला, तोही दूध नासवून.) भातात सोडायच्या गोळ्यांसाठी चणाडाळीच्या भरड्याऐवजी बेसन घेतलं अन् पाणी ओतलं हात सैल सोडून. झाकण काढलं तर गोळे गायब, भात पिवळा अन् बुडाले काळा. जळका वास आला तशी आचल धावत आली. मी सगळं सांगून टाकलं, पुस्तक चोरून पाह्यलं तेही. तिनं पुस्तक आणलं, उलट्या बाजूनं उघडून माझ्या हातात देलं.

"बाबा, हे उजवीकडून वाचतात. ती पोरगी एकटी येते, अन् शेवटी सगळ्यांसंग जेवते."

अन् हसत हसत ओट्याजवळ खालीच बसली. मी पुन्हा नीट पाह्यलं. काय सांगू, कोणी कांदा चिरते, कोणी वाफेवर तोंड नेते, बाकी काहीच होत नाई, तरी जीव कसा निवला! मग आचलनंच त्या पिवळ्या लगद्यावर हिंग-मोहरीचं कडकडीत तेल ओतलं. ज्योत्स्ना आली, काही न विचारता ताट घेऊन बसली. तिघंही खाली बसून जेवलो, अन् आचलनं दुसऱ्यांदा मागून घेतलं.

तुझा,
हेमराज

ता. क. पत्र खरं यासाठी, की येत्या रविवारी तू आचलले पाहाले पाव्हणे आणून राह्यली, त्यांना नाई म्हणजो. पोरगी आता कुठं जेवाले लागली. इतक्यात तिले पोह्यांच्या बशा घेऊन कोणासमोर उभी करायची नाई.

आणखी एक. तुह्याच्यानं नाई म्हणवत नसंल, तर येऊ दे त्यांना. जेवूनच जा म्हणजो. स्वयंपाक मी करीन.