सरळ केलेला दात

३ मार्च

ती. मावशीस,
शि. सा. न. वि. वि. रागात आहे, पण नमस्कार मनापासून.

बाबांनी फोनवर सांगितलंच असेल, की पोरगी हाताबाहेर गेली, आईच्या फोटोची काच फोडली, आता वसतिगृहात धाडतो. फोडली! का फोडली, ते एकानंही विचारलं नाही. आत्या म्हणते, वयच तसं. वय कसलं डोंबलाचं!

फोटो स्टुडिओत येणाऱ्यांचे मुरूम, सुरकुत्या बाबा फोटोतून पुसतात. पुसोत, त्यावरच घर चालतं. पण आई गेल्यावर तिचा मोठा फोटो भिंतीवर लावला आणि तिचा पुढचा वाकडा दात सरळ करून टाकला! ती बाई माझी आई नाही. तोच दात माझ्या तोंडात आहे, मावशी. तिचा खपत नाही, तर माझा रोज जेवताना समोर कसा खपत असेल? मी माफी मागणार नाही.

आधी माझी बाजू घे, मग हवं तितकं रागव.

तुझी,
फटाकडी


९ मार्च

चि. फटाकडीस,
आशीर्वाद, आणि पाठीत एक धपाटा. हाताला काच लागली का, ते कोण लिहिणार?

भावोजींना मी चांगलं फैलावर घेतलं. पंधरा वर्षांच्या पोरीला काही न विचारता घराबाहेर काढता, म्हटलं. पण दाताचं ऐक. तो सरळ करून हवा होता ताईलाच. प्रत्येक फोटोच्या वेळी ती मागे लागायची आणि ते साफ नाही म्हणायचे. जगाचे चेहरे सुधारतो आणि बायकोच्या फोटोला हात लावत नाही, म्हणून ती अबोला धरायची. ती गेल्यावर त्यांनी ऐकलं. हे तुला सांगायला त्यांना काय झालं होतं? तूच जाऊन विचार.

माया आहे म्हणून बोलते.

मावशी


१७ मार्च

ती. मावशीस,
शि. सा. न. ओरखडे बरे झाले.

विचारलं. बाबा म्हणाले, तिचं एवढं एकच मागणं राहिलं होतं. आणि रडले. मला इतका संताप आला! बाबांचा नाही, आईचा. माझा दात चारचौघांत कौतुकानं दाखवायची, माझ्यावर गेलीय म्हणायची, आणि स्वतःचा लपवायचा होता? आता तिच्याशी भांडू कशी?

नवी काच मीच बसवून आणली. तो फोटो राहू दे, तिचा हट्ट होता. शेजारी माझा लावलाय. काढताना मुद्दाम तोंडभर हसले आणि बजावलं, की दाताला हात लावलात तर हीही काच फोडीन. वसतिगृहाचं नाव बाबा आता काढत नाहीत. येता-जाता थांबतात, आणि आईची आठवण आली की माझ्या फोटोकडे बघतात.

रागावत राहा, पण आमचीच राहा.

तुझी आणि तिची,
फटाकडी