आईच्या आजारपणाचं निमित्त

मंगळवार संध्याकाळ, दादर

जेवण गेलंच नाही. माझा भाऊ अविनाश आज वकिलाने तयार केलेलं प्रतिज्ञापत्र घेऊन माझ्या सहीसाठी आला होता. वहिनीला आणि लेकीला पोटगी द्यायचा हुकूम झाला तेव्हा हा गप्प बसला. आता वहिनीने वसुलीचा अर्ज केल्यावर याला वरच्या कोर्टात जायचं सुचलंय. मुदत तर केव्हाच टळली. उशिराचं कारण काय, तर म्हणे तो आजारी आईच्या उशाशी होता.

उशाशी? आईचं अंग मी पुसलं. वेगळी राहत असूनही परळहून पेज घेऊन यायची ती वहिनी. हा दारातूनच विचारायचा, "बरी आहे ना?"

"ताई, आई तर गेली. तिला आता काय फरक पडतो? नुसती सही कर."

हे मात्र जिव्हारी लागलं. आईचं दुखणंसुद्धा याने कामाला लावलं. मी कागद परत केला. म्हटलं, "कोर्टात येईन मी, अवी. पण उशाशी कोण होतं ते सांगायला."

चहा न पिताच गेला. सख्खा भाऊ आहे, वाईट वाटायला हवं. अजून तरी वाटत नाहीये.