निर्धोक

प्रिय धाकट्या,

अक्षर बघून दचकू नकोस, मीच लिहिते आहे. माझे डोळे अधू झाल्यापासून माझी पत्रं टिटवी लिहिते हे तुला ठाऊक आहे. मी सभेत बोलल्यासारखी खोलीभर फेऱ्या मारत बोलायचं आणि तुझ्या लेकीने जीभ दातांत धरून उतरवून घ्यायचं, अशी आमची वाटणी. आज मात्र तिला मुद्दाम आपल्या खिळे जुळवणाऱ्या जुळाऱ्याच्या बायकोबरोबर बाजारात पाठवलंय, आणि छापखान्याच्या मागच्या खोलीत कोऱ्या कागदाच्या गठ्ठ्यावर बसून, नाक कागदाला टेकवून मी हे खरडते आहे. ओळी वरखाली जातील, त्या तू सरळ करून घे. पण हे पत्र तिच्या डोळ्यांखालून जाता कामा नये. आणि पुस्तक शेवटाकडून वाचायची तुझी खोड आज तेवढी आवर. मी लोकांना क्रमाने सांगत आले, तुलाही क्रमानेच सांगणार.

तुझ्या बायकोच्या, आपल्या बेटकरणीच्या जाण्याचा माझा निरोप कोरडा होता, हे मला कळतं. तिला देवी आल्या, अंगभर आल्या, ती गेली. याहून जास्त टिटवीला सांगायला माझी जीभच रेटली नाही. तुझं उत्तर मात्र लांबलचक आलं. बंदरावरच्या इस्पितळात रोग्यांच्या रांगा लागल्यात, तुला बाहेर सोडत नाहीत, आणि तू एकच प्रश्न पानोपानी विचारलास: हा रोग आपल्या घरात कुणी आणला? शोध, ताई, नाव कळव, त्या माणसाला मी जन्मात माफ करणार नाही. धाकट्या, आपल्या घरी पत्रं कोण वाचतं हे तू विसरलास. टिटवीने ते मला मोठ्याने वाचून दाखवलं. तिच्या आईचा उल्लेख आला तिथे थांबली नाही, तू रडलास तिथे थांबली नाही. शेवटी घडी घालून माझ्या हातात दिलं आणि म्हणाली की बाबांना नाव हवंय, मी शोधून देते. तिच्या आवाजात तुझा आवाज होता. मला बरं वाटलं नाही.

तेव्हापासून ती शोधते आहे. तुझीच मुलगी, पद्धतशीरपणे शोधते. घरात कोण आलं, कशाला हात लावला, कुठे बसलं. तेलवाला उंबऱ्याबाहेरूनच जातो, तो सुटला. जुळारी लहानपणी देवीतून उठलेला आहे आणि तो स्वयंपाकघरात येत नाही, तोही सुटला. मग तिची गाडी धोबिणीवर येऊन थांबली. धोबीण गल्लीतल्या सगळ्या घरांची अंथरुणं उचलते, तिच्या चेहऱ्यावर देवीचे व्रण आहेत, आणि आपली चादर तिने परत आणून दिली त्यानंतर आईला ताप आला. टिटवीने हे मला इतकं मुद्देसूद सांगितलं की एखाद्या वकिलाने टोपी काढावी. मी म्हटलं, अगं, तिच्या देवी तू जन्मायच्या आधी येऊन गेल्या, व्रणातून रोग येत नसतो. ती म्हणाली, मग चादरीतून आला असेल. आणि माझ्या नकळत तिने हे शेजारणीला सांगितलं. शेजारणीने गल्लीला सांगितलं. आता धोबिणीला कुणी कपडे देत नाही. तिचं घंगाळ कुणीतरी गटारात नेऊन उपडं केलं. काल ती आपल्या दारासमोरून गेली तेव्हा समोरच्या ओसरीवरची माणसं पाय आखडून बसली.

तो पाय आखडण्याचा आवाज तुला आठवतो का रे? मला आठवतो. आपले बाबा कातडी कमवून संध्याकाळी घरी यायचे, आपण दोघं त्यांच्या बोटांना धरून चालायचो आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना लुगडी, धोतरं सावरली जायची. पाव विकणारा पाव टोपलीतून फेकायचा, बाबा झेलायचे, आणि घरी आल्यावर आपल्याला हसवायला म्हणायचे की बघा, तुमच्या बापाला अजून झेल जमतो. अपवित्र हा शब्द आपण अक्षरं शिकण्याआधी शिकलो. मी व्यासपीठावर चढले ती त्या शब्दाला गाडायला, आणि तू वैद्यकी शिकलास तीही त्याच हट्टाने. आपल्या दोघांच्या आयुष्याचा एवढाच मथळा.

म्हणून तुझी ती जुनी हस्तलिखितं घरी आली तेव्हा मी तुझ्याइतकीच वेडी झाले होते. तू दिव्याशेजारी बसून वाचायचास आणि मी ऐकायचे. शेकडो वर्षांपूर्वीचा एक वैद्य देवी आणि गोवर यांतला फरक कसा बारकाईने लिहून ठेवतो, पाठदुखी कुठल्यात आणि घाबरेपणा कुठल्यात. दुसरा कुणी खपल्यांची पूड करून नाकात फुंकायला सांगतो. तिसरा म्हणतो की सौम्य देवी आलेल्या मुलाच्या फोडातलं पाणी सुईच्या टोकावर घ्यावं, दुसऱ्याच्या दंडावर ओरखडा काढून त्यात सोडावं, म्हणजे थोडासा रोग येऊन मोठा रोग टळतो. बेटकरीण दारात उभी राहून हसायची. तिच्या बेटावर देवी कधी आल्याच नव्हत्या, तिला हे सगळं गलबतवाल्यांच्या थापांसारखं वाटायचं. म्हणायची, तुम्ही बहीणभाऊ मेलेल्या वैद्यांशी जितकं बोलता तितकं जिवंत माणसांशी बोललात तर माझी चूल वेळेवर पेटेल.

त्या तिसऱ्या वैद्याच्या लिखाणाचं तू पुस्तक केलंस. त्याचं शेवटचं प्रकरण आठव. टोचलेल्या माणसाला शेवटची खपली गळेपर्यंत अपवित्र समजावं, वेगळ्या घरात ठेवावं, त्याच्या ताटात कुणी जेवू नये, त्याचं अंथरूण जाळावं. तू तो शब्द वाचलास आणि तुझ्या कपाळाची शीर उडायला लागली. एवढा शहाणा माणूस आणि शेवटी तोही तसलाच निघाला, असं म्हणून तू अख्खं प्रकरण गाळलंस. त्या जागी स्वतःचं एक वाक्य घातलंस: टोचलेला मनुष्य निर्धोक होय, त्यास कोणी दूर लोटू नये. मी टाळ्या वाजवल्या. ते वाक्य मी चौकाचौकांत गरजून सांगितलं. लोक घाबरत होते, त्या वाक्याने त्यांची भीती गेली. औषधवाला तुझं पुस्तक मांडीवर उघडून मुलांना टोचायला लागला, आयांनी लेकरं पुढे केली. आणि हेही तुला सांगते, कारण तू आता सगळं मोडून टाकायला निघशील: टोचणं खोटं नाही. टोचलेल्यांतलं एकही मूल दगावलेलं नाही. उद्या कुणी माझ्या गळ्यावर सुरी ठेवली तरी मी टोचण्याच्या बाजूनेच बोलेन.

बंदरावर जायच्या आधी तू टिटवीला टोचलंस. सुई तू धरलीस, दंड मी धरला. तिच्या आईला ती बरी झाल्यावर टोचायचं ठरलं, घरात दोघी एकदम तापाने पडायला नकोत म्हणून. तू गेल्यावर टिटवीला ताप आला, मोजून ओंजळभर फोड आले, आणि ती ते शेजारच्या पोरांना बक्षिसं मिळाल्यासारखी दाखवत फिरली. रात्री तिला खाज सुटायची. बेटकरीण तिला कुशीत घेऊन निजायची, तिचे हात आपल्या हातांत धरून ठेवायची, खाजवू नये म्हणून. सकाळी चादरीवर खपल्या पडलेल्या असत. बेटकरीण त्या तळहाताने झटकायची.

यापुढचं तुला लिहून दाखवायला नको. तू वैद्य आहेस.

तुझं पत्र आल्यावर मी तुझी पेटी उघडली आणि ते गाळलेलं प्रकरण काढलं. जुळाऱ्याने अडखळत वाचून दाखवलं. त्या म्हाताऱ्या वैद्याने कारणही दिलंय, धाकट्या. आपण त्या शब्दापाशीच थांबलो, पुढची ओळ वाचलीच नाही. टोचलेल्याला रोग थोडा होतो, पण त्याच्यापासून दुसऱ्याला होतो तो थोडा नसतो. एवढंच लिहिलंय. त्याच्या गावात बहुधा एकच शब्द असा असेल जो ऐकून लोक दूर राहायचे, म्हणून त्याने तो वापरला. आणि तोच शब्द आपल्याला सोसला नाही.

तेव्हापासून मला रस्त्याने चालवत नाही. टोचलेली पोरं सगळीकडे आहेत, दंडावर खपल्या, तोंडात गाणं. पाव विकणाऱ्याचा मुलगा तान्ह्या बहिणीला काखेत घेऊन बाजारात फिरतो. शाळेच्या पायरीवर टोचलेली आणि न टोचलेली एकाच दप्तरावर डोकं ठेवून निजतात. सगळे निर्धोक. मी दारोदार जाऊन सांगितलं तर दोघींनी ऐकलं आणि बाकीच्यांनी तुझं पुस्तकच माझ्यापुढे धरलं: ताई, तुम्हीच तर म्हणाला होतात. औषधवाल्याच्या गल्लीत तीन दारं बंद झाली आहेत. आत कुणाला तरी ताप आहे. कुणी आणलं म्हणून तिथेही विचारणं सुरू झालंय, आणि तिथेही धोबिणीचंच नाव घेतात.

पुस्तकाची दुसरी आवृत्ती इथे यंत्रावर चढली होती, ती मी थांबवली. गाळलेलं प्रकरण जुळाऱ्याने खिळ्यांत बांधून ठेवलंय. तुझ्या वाक्यातून निर्धोक हा शब्द मी स्वतः चिमट्याने उपसून काढला. त्या जागी काय घालायचं? जुना शब्द घातला तर उद्या टोचलेल्या प्रत्येक पोराला दगड बसतील, आणि कपाळावरचा तो शब्द आपण दोघं जाणतो, तो खपलीबरोबर गळत नाही. निर्धोक ठेवला तर आणखी दारं बंद होतील. माझ्याजवळ शब्द नाही. इतकी वर्षं शब्दांवर जगले आणि आज माझ्याजवळ एक शब्द नाही. यंत्रावर चढवलेल्या खिळ्यांच्या फर्म्यात तेवढी जागा रिकामी आहे.

पण हे पत्र मी त्या शब्दासाठीसुद्धा लिहिलं नसतं. शब्द चुकतमाकत मीच घातला असता. आज सकाळी टिटवी यंत्राजवळ आली. मुद्रितं तपासताना मूळ वाचून दाखवायचं काम तिचंच असतं. तिने फर्म्यावर वाकून उलटी अक्षरं वाचली, ती रिकामी जागा बघितली, बराच वेळ बोट त्या भोकात ठेवून उभी राहिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "आत्या, निर्धोक म्हणजे कुणाला धोका नाही? मला, की माझ्यापासून दुसऱ्यांना?" बाबांना विचार, ते वाक्य त्यांचं आहे, एवढंच मी म्हटलं. तिने मान डोलावली. धोबिणीचं घंगाळ तिने गटारातून काढून, घासून, तिच्या दारात ठेवलं आहे, हे मला नंतर कळलं. बाजाराच्या दिवशी मी चौकात उभी राहून सगळं सांगणार आहे. आता थांबून चालणार नाही. मी कुणाचं नाव घेणार नाही, पण नेहमीसारखी पहिल्या रांगेत ती बसलेली असेल, माझ्या पाण्याचा तांब्या मांडीवर घेऊन, आणि ती माझं वाक्य संपायच्या आधी पुरं करेल. तू नाव मागितलं होतंस. ते आता तुझ्याजवळ आहे. माफ न करण्याबद्दल तू जे लिहिलंस, ते तिने मोठ्याने वाचलेलं आहे. इस्पितळाच्या भिंतीवरून उडी मारावी लागली तरी मार, पण बाजाराच्या आधी इथे पोच आणि माझ्याआधी तू तिच्याशी बोल.

तुझीच,
ताई