पाळण्यावरची मोकळी जागा

१२ जानेवारी, सोमवार
पहाटे पुन्हा बर्फ. देवापुढे दिवा लावला, फावडं घेऊन बाहेर. आपलं झाल्यावर समोरच्यांचाही ड्राइव्हवे साफ केला. नॉर्वेचे चित्रकार, ऐंशीला आलेले, एकटेच. नेपरव्हिलला आल्यापासून आठ वर्षं नुसते हात हलवतो आम्ही. आज आत बोलावलं. घरभर बर्फाचीच चित्रं. बाहेर एवढं पडलेलं असताना आतही तेच.
नाव स्टाइन. म्हणाले, "म्हणजे दगड." अगदी सहज.
कंपनीत मी राम. पण आज तोंडातून निघून गेलं, "माझं खरं नाव धोंडिराम. धोंडा म्हणजे दगडच." म्हातारा इतका हसला की कॉफी सांडली. "म्हणजे या गल्लीत दोन दगड."
असं नाव का, तेही सांगितलं. माझ्याआधीचे दोघे भाऊ गेले, म्हणून आईने दगड ठेवलं. दगडाला मरण उचलत नाही. ते म्हणाले, आमच्यात ब्योर्न म्हणजे अस्वल, उल्फ म्हणजे लांडगा. मूल टिकावं एवढंच असतं त्यात.
अमेरिकेतल्या पंधरा वर्षांत पहिल्यांदा कोणी मला पूर्ण नावाने हाक मारली. धोंडी-राम, मध्ये थांबून. बरं वाटलं.

१८ जानेवारी, रविवार
स्नेहल आणि जावई जेवायला. आठवा महिना. स्नेहल तीनदा भात घेते, तिची आई मंदा खूश.
स्नेहल म्हणाली, "बाबा, परवा आजी स्वप्नात आली. आपल्या बेसमेंटच्या पायरीवर बसून मेथी निवडत होती. मी म्हटलं आजी, इट्स कोल्ड, वर ये. तर नुसती बघत राहिली."
आईला जाऊन सहा वर्षं झाली. माझ्या स्वप्नात एकदाही नाही.

२१ जानेवारी, बुधवार
कामावरून येताना स्टाइनकडे. स्वप्नाचं सांगितलं. ब्रश खाली ठेवून गंभीर झाले. त्यांच्या गावाकडे म्हणत, पोटुशी बाईच्या स्वप्नात गेलेलं माणूस आलं तर ते नाव मागायला आलेलं असतं. बाळाला त्याचं नाव द्यायचं. नाही दिलं तर ते पुन्हा पुन्हा येतं.
मग तळघरातून एक लाकडी पाळणा काढून आणायला लावला. खाली वाकडे पाय, डुलणारा. त्यांच्या वडिलांनी केलेला. "याच्यावर वेलबुट्टी रंगवून देतो. उशाकडे नाव लिहायची पद्धत आहे. फेब्रुवारी संपता संपता मुलाकडे मिनेसोटाला जातोय कायमचा. डोळे गेले जवळजवळ. त्याआधी पुरा करतो."
आपल्याकडेही पाळण्यातलं नाव असतंच, फक्त ते पाळण्यावर लिहीत नाहीत. मला फार आवडलं हे.
त्यांनी विचारलं, आईचं नाव काय?
सुमन, म्हणालो. अर्थ विचारला, फूल.
घरी आल्यावर जेवण गेलं नाही.

२४ जानेवारी, शनिवार
खोटं नाही पूर्ण. लग्नात भटजींनी ताटातल्या तांदळावर अंगठीने सुमन लिहिलं होतं. पण आयुष्यभर तिला कोणी त्या नावाने हाक मारली नाही. आई पाचवी मुलगी. म्हणून नाव नकुसा. नको असलेली.
शाळेत गुरुजींनी आईचं नाव विचारलं तेव्हाही मी सुमन सांगितलं होतं. मंदाला माहीत आहे. स्नेहलला नाही. आजी म्हणजे आजीच.

१ फेब्रुवारी, रविवार
पाळण्याच्या दोन्ही बाजू झाल्या. निळी, तांबडी पानं, एकातून एक निघालेली. स्टाइनचा हात थरथरतो, पण ब्रश लाकडाला टेकला की थांबतो. उशाकडच्या फळीवर पेन्सिलीने सुमन, इंग्रजीत, हलकंसं. रंग कालवत होते.
म्हटलं, थांबा. सगळं सांगितलं. अर्थ सांगताना त्यांच्याकडे बघवलं नाही.
त्यांनी फडक्याने पेन्सिल पुसून टाकली. म्हणाले, "माझी आई गुनहिल्ड. लढाई आणि परत लढाई, असा अर्थ. कोंबड्यांना घाबरायची. जेवायला हाक मारताना अर्थ कोण बघतं?"
मी म्हटलं, लढाई वेगळी, नको वेगळं.
"हो," म्हणाले. "ते वेगळं आहे."
वाद घातला नाही त्यांनी. म्हणून जास्त पटलं. निघताना एकच म्हणाले, "कोणत्या हाकेला ती वळून बघायची, तेवढं विचार कोणाला तरी."

८ फेब्रुवारी, रविवार
गावी अक्काला फोन. माझ्याहून बारा वर्षांनी मोठी.
"सुमन? ती कोण? अरे हां, ते तांदळातलं. तांदूळ उचलले, नाव गेलं."
मग म्हणाली, "मी सांगितलं होतं रे तिला, नाव बदलून घे. तर म्हणे, तुझा बाप नकू म्हणून हाक मारतो, मी विहिरीवरून पळत येते. आता या वयात त्यांना नवीन नाव कोण शिकवणार?"
हसत होती अक्का. मग रडली थोडी. मग विचारलं, तिकडे भेंडी मिळते का.
नकू. दादांचा, माझ्या वडिलांचा, आवाज आठवला. विसरलोच होतो.

१४ फेब्रुवारी, शनिवार
स्नेहलला सांगितलं. मंदा म्हणाली होती, बाळंतपण होऊ दे. पण पाळणा थांबलाय आणि स्टाइन थांबणार नाहीत.
म्हणाली, "असं कसं ठेवू शकले नाव, बाबा? हू डज दॅट? आणि मी माझ्या बाळाला तेच म्हणू?"
म्हटलं, म्हण असं नाही म्हणत. तुझ्यापासून लपवलं, ते चुकलं.
"बर्थ सर्टिफिकेटवरचं नाव आमचं ठरलंय." खिडकीतून समोर बघत राहिली. "आजी परत आली होती बुधवारी. तिथेच बसलेली." जाताना कोट घालता घालता, "पाळण्यावरचं तुम्ही ठरवा. मी विचारणार नाही."
रागाने की मायेने, कळलं नाही. विचारलंही नाही.

२६ फेब्रुवारी, गुरुवार
मुलगी. सकाळी सात दहाला. दोघी सुखरूप. देवाची कृपा. केस पुष्कळ. मंदा म्हणते नाक माझ्यावर गेलंय, बिचारी.
जावयाने फोनवरून फोटो पाठवला, मी कामावर सगळ्यांना पेढे दिले.

२८ फेब्रुवारी, शनिवार
स्टाइन मिनेसोटाला गेले. मुलगा व्हॅन घेऊन आला होता. पाळणा आमच्या हॉलमध्ये आणून ठेवला. उशाकडची फळी मोकळी, भोवती पानांची कड फक्त. स्टाइननी एक छोटी निळ्या रंगाची डबी आणि बारीक ब्रश माझ्या हातात दिला.
"मला तुमची अक्षरं येत नाहीत. तू लिही. चुकलं तर ओलं असताना पुसता येतं."
मी वाकून पाया पडलो. त्यांना कळेना काय करतोय. मग त्यांनी डोक्यावर हात ठेवला, बरोबर जिथे ठेवतात तिथेच.
त्यांच्या ड्राइव्हवेवर आता बर्फ तसाच.

८ मार्च, रविवार
उद्या बारसं. सुट्टी काढली. स्नेहल बाळाला घेऊन चार दिवस इकडेच. आत्या म्हणजे जावयाची बहीण जर्सी सिटीहून आली, कानात नाव सांगायला. अक्का फोनवर बघणार. मंदाच्या घुगऱ्या भिजत आहेत.
दुपारी मंदा आणि आत्या फुलं आणायला गेल्या. स्नेहल झोपलेली. बाळ पाळण्यात, मी शेजारी खाली. डबी उघडून ठेवलेली.
कोणी नाही बघून वाकलो, कानाशी हळूच म्हटलं, नकू.
डोळे उघडले नाहीत. जांभई दिली.
मग सुमनही म्हणून बघितलं. झोपलेलीच.
मागून स्नेहल म्हणाली, "पहिलं परत म्हणा." दारात कधीची उभी होती कोण जाणे.
परत म्हटलं.
ती येऊन माझ्याजवळ जमिनीवर बसली आणि ब्रश उचलून माझ्या हातात दिला.
रंग घट्ट झाला होता थोडा. आता कालवतो आहे.